ऑगस्टमध्ये फिटणारं घर

आमचं घर ऑगस्टमध्ये फिटणार, हे गल्लीतल्या कुत्र्यांनासुद्धा ठाऊक होतं. सेआबाता, म्हणजे माझे यजमान, दोन वर्षं दुसरं काही बोलतच नव्हते. २००४ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी वीस वर्षांच्या बाँडवर, म्हणजे घराच्या कर्जावर, सही केली होती. त्यानंतर एकही हप्ता चुकवला नव्हता. तेव्हा २०२४ च्या ऑगस्टमध्ये बँकेनं घराचे कागद हातात द्यायचे आणि यांनी नगरपालिकेचं फावडं खाली ठेवायचं, असा साधा हिशेब होता. ब्लूमफाँटेनच्या रस्त्यांत पाण्याच्या पाइपांसाठी चर खोदता खोदता त्यांचे दोन्ही गुडघे कामातून गेलेत. जिना चढताना ते एका हातानं कठडा धरतात आणि दुसऱ्यानं मला. साठी पूर्ण झाली की नोकरी सोडायची, थाबा न्चूजवळ वडिलांच्या गावी जायचं, चाळीस मेंढ्या घ्यायच्या आणि उन्हात बसायचं, एवढंच त्यांना आयुष्याकडून हवं होतं. मेंढ्यांची नावंसुद्धा ठरली होती का, ते मी विचारलं नाही. असतील ठरली.

घर फिटल्यावर बैल कापायचा, पितरांना कळवायचं आणि गल्लीला पोटभर वाढायचं, हेही ठरलं होतं. बैल सतरा हजार रँडचा. मंडप सांगून झाला, पाद्रीबाबांनी चर्चमध्ये जाहीर करून टाकलं, वेल्कमहून नणंद यायची होती. माझ्या मयत-मंडळाच्या, म्हणजे मयतीच्या खर्चासाठी दरमहा वर्गणी काढणाऱ्या, बायका तर आठवडाभर आधीच मोठी पातेली आमच्या अंगणात आणून टाकून गेल्या. बैलाचे पैसे कुठून, असं मी विचारलं तेव्हा यांनी फोन माझ्या नाकासमोर धरला. बँकेच्या पानावर लिहिलेलं होतं, उपलब्ध रक्कम छत्तीस हजार सहाशे.

"हे आपले वर भरलेले, मापुलाने," ते म्हणाले. पुलाने आमची थोरली, आणि ती पोटात यायच्याही आधीपासून सासरी मी तिची आई म्हणूनच ओळखली जाते. "बाँड संपला की हे आपल्या खिशात. त्यातनं बैल."

ते मलाही पटलं. आम्ही सगळी वर्षं असंच समजत आलो होतो. हप्ता एकोणीसशे वीस, त्यावर आम्ही महिना तीनशे जास्तीचे भरायचो, आणि ते वरचे पैसे घराच्या पोटात साठताहेत, अडीनडीला काढावेत, अशी आमचीच काय, अख्ख्या मांगाउंग वस्तीची समजूत आहे. आमच्यात कुणी सावकाराकडे गेलं की लोक हळहळतात, बाँडमधून काढले म्हटलं की माणूस हुशार ठरतो.

कार्यक्रम शनिवारी. मंगळवारी आम्ही बँकेत गेलो, कारण यांना लोकांसमोर घराचा कागद वर करून दाखवायचा होता. यांनी कोट घातला होता. मी लग्नाला जाताना बांधतात तसा डोक्याला रुमाल बांधला होता. समोर खोमोत्सो नावाची मुलगी, आमच्या पुलानेच्या वयाची, बोलायला गोड, यांना न्ताते म्हणजे बाबा आणि मला मे म्हणजे आई म्हणणारी. तिनं बराच वेळ पडद्याकडे पाहिलं.

"न्ताते, कागद आत्ता कसे मिळतील? कर्ज चालू आहे."

"शेवटचा हप्ता ऑगस्टलाच आहे ना, बाळ?"

"हो, ऑगस्टलाच. २०३५ च्या."

हे हसले. तिच्या हातून आकडा चुकला असं त्यांना वाटलं. तिला वाईट वाटू नये म्हणून ते म्हणाले, "परत बघ, घाई नाही."

तिनं परत पाहिलं. मग पडदाच आमच्याकडे वळवला. "२०१५ मध्ये तुम्ही नव्यानं सही केली होती."

"ती गाडीची सही होती."

"गाडीसाठी चौसष्ट हजार काढले त्याची. ते काढले तेव्हा कर्ज परत पहिल्याइतकं झालं, एक लाख ऐंशी हजार. आणि मुदत तिथून पुढे वीस वर्षं."

"पण ते म्हणाले होते, हप्ता वाढणार नाही."

"नाही वाढला ना, न्ताते. मुदत वाढली म्हणूनच नाही वाढला."

अकरा वर्षं भरून आम्ही पुन्हा पहिल्या दिवशी येऊन उभे राहिलो होतो, आणि २०१५ च्या त्या सहीच्या दिवशी घरी येताना यांनी मला कोंबडी आणि शीतपेय घेऊन दिलं होतं. नवी गाडी आली म्हणून. नवी कसली, सहा वर्षं वापरलेली टोयोटा. तिच्या पेट्रोलसाठी मग आम्ही ते महिन्याचे तीनशेही भरायचं बंद केलं.

"आणि हे छत्तीस हजार?" यांनी फोन पुढे केला. आवाज आता बारीक झाला होता.

"ते तुमचे नाहीत हो. तेवढं कर्ज तुम्हाला आणखी घेता येईल, असा त्याचा अर्थ. देणं अजून एक लाख त्रेचाळीस हजार आहे."

मला राग आला की मी खोलात शिरते. मी खुर्ची पुढे ओढली आणि तिला म्हटलं, पोरी, आम्ही आजवर काय काय काढलं ते एकेक वाच, आणि ते फिटेपर्यंत किती पडणार तेही सांग. आतल्या आत मला कुठल्या ओळीची वाट होती ते सांगते. सासूबाईंच्या थडग्याचा दगड. काळा चकचकीत, वर देवदूत, २००८ साली बावीस हजारांचा. त्यावरून मी यांना सोळा वर्षं टोचत आलेय. जिवंतपणी बाईला एक बरं ब्लँकेट दिलं नाहीत आणि मेल्यावर देवदूत बसवलात, हे माझं पाठ झालेलं वाक्य.

"दगड," खोमोत्सोनं यंत्रावर बोटं चालवली, "बावीस हजारांचे साधारण चौसष्ट हजार."

मी यांच्याकडे पाहिलं. चांगलं रोखून पाहिलं.

"२०१२, एक्केचाळीस हजार. इथं लिहिलंय, स्वयंपाकघर." तिनं पुन्हा बोटं चालवली. "एक लाख नऊ हजार."

स्वयंपाकघर माझं. शेजारणीनं पांढरी कपाटं केली म्हणून मी दोन महिने यांच्याशी धड बोलले नव्हते, तेव्हा यांनी करून दिलेलं. त्यातली दोन दारं आता बिजागरीतून लोंबताहेत. हे माझ्याकडे बघतील असं मला वाटलं. त्यांनी पाहिलं नाही. पाहिलं असतं तर बरं झालं असतं, मला भांडता आलं असतं.

टोयोटाचे एक लाख चौसष्ट हजार. ती आम्ही २०२१ मध्ये भंगारात अकरा हजारांना घातली, आणि तिचे हप्ते २०३५ पर्यंत चालणार. सगळं धरून एक लाख ऐंशी हजारांच्या घराला साडेसात लाख. मी तिला दोनदा बेरीज करायला लावली. आकडा तोच आला.

"बाळ, मला नोकरी सोडायची आहे," हे म्हणाले. "गुडघे." जणू ती डॉक्टरच आहे.

तिनं बिचारीनं नीट समजावलं. नोकरी सोडली की एकरकमी मिळणारे एक लाख नव्वद हजार, त्यातले एक त्रेचाळीस इथे भरा, घर मोकळं होईल. उरलेल्यात चाळीस मेंढ्या येत नाहीत, चाऱ्याचं तर नावच नको. नाहीतर पासष्टपर्यंत काम करा, हप्ता भरत रहा, तोवर मिळणारी रक्कमही थोडी वाढेल आणि देणं थोडं उतरेल. यांनी मान डोलावली. पाच वर्षं चर खोदायला त्यांनी अशी मान डोलावली की मला तिथेच ओरडावंसं वाटलं.

मग यांना शनिवार आठवला.

"बैलवाला शनिवारी सकाळी येणार."

"त्याला नको म्हणून सांगा," मी म्हणाले.

"लोकांना काय सांगू? पाद्रीबाबांना काय सांगू? ताई वेल्कमहून निघालीसुद्धा असेल."

खोमोत्सो टेबलाकडे बघत म्हणाली, "मे, सतरा हजार आता काढलेत तर फिटेपर्यंत तीस होतील." तिनं सांगितलं. तिच्यावर कसला ठपका ठेवू शकत नाही मी. आम्हाला आता सगळं समजलं होतं, पैशापैशानं समजलं होतं. आणि मला दिसली अंगणातली ती पातेली, आणि ती परत न्यायला येणाऱ्या बायका, आणि त्यांची तोंडं.

"काढा," मी म्हणाले. यांनी नाही, मी.

शनिवारी ऊन छान पडलं होतं. पुरुषांनी बैलाचं डोकं शिजवून अंगणाच्या मागच्या कोपऱ्यात नेलं, बायकांत वजडी वाटली गेली, मक्याची उकड तीन पातेली संपली. पाद्रीबाबांनी प्रार्थना केली की या घराच्या धन्यानं घाम गाळून जोखड मोडलं. बायकांनी जिभा हलवून जो हर्षनाद केला तो चौकापर्यंत गेला असेल. त्यांच्यात मीही होते. कागद कुठे म्हणून विचारलं तर हे म्हणाले, बँक टपालानं पाठवते.

दुपारपर्यंत मागणाऱ्यांचीही रांग लागली. नणंदेनं मला बाजूला घेऊन छपराच्या पत्र्यांसाठी पाच हजार मागितले. "आता काय वहिनी, तुमचा हप्ता तर सुटला." एका चुलत दिराला मुलाच्या फीसाठी हवे होते. हप्त्याचे एकोणीसशे वीस दर महिन्याला मोकळे होणार, हे सगळ्यांनी आपापल्या घरी आधीच वाटून घेतलं होतं.

आणि मग लेफा आला. नणंदेचा मुलगा. गेल्या वर्षी त्यानंही बाँडवर घर घेतलंय आणि बायकोला दिवस गेलेत. प्लेट हातात घेऊन तो मामासमोर उकिडवा बसला.

"मामा, एक विचारायचं होतं. गाडी घ्यायचीय. गाडीचं कर्ज वेगळं काढलं तर व्याज जास्त पडतं. बाँडमध्येच घालू का? सगळे म्हणतात हुशार माणूस बाँडमध्ये घालतो. तुम्ही घातली होती ना?"

हे मांस चावायचे थांबले. मीच मध्ये पडले. म्हटलं, लेफा, व्याज कमी असतं पण वीस वर्षं असतं, गाडी मरते आणि हप्ता जगतो, चौसष्ट हजारांची गाडी दीड लाखाच्या पुढे जाते. आकडे मला अजून तोंडपाठ होते.

तो हसला. "मामी, असेल. पण तुमचं फिटलंच ना शेवटी?"

यांच्या अब्रूचा प्रश्न होता. मी उकडीचं पातेलं ढवळायला लागले. पण यांनी प्लेट खाली ठेवली, हात पुसले आणि उठून उभे राहिले. उठताना गुडघा वाजला तो मला ऐकू आला.

"फिटलेलं नाही," ते म्हणाले. मोठ्यानं, सगळ्यांना ऐकू जाईल असं. "अकरा वर्षं राहिलीत. मी नोकरीही सोडत नाहीये. हा बैलसुद्धा बँकेचाच आहे. लेफा, तू घालू नकोस गाडी."

चाळीस वर्षांच्या संसारात मला या माणसाचा एवढा अभिमान कधी वाटला नव्हता. वाटला तो किती वेळ, तर नणंदेनं तोंड उघडेपर्यंत.

"आलं लक्षात," ती म्हणाली. "पाच हजार मागितले म्हणून एवढं नाटक."

कुणीतरी हसलं. मग बरेच जण हसले. ज्या घरात बैल कापलाय त्या घरावर कर्ज आहे यावर विश्वास कोण ठेवणार? यांची मोसिदी आत्या, नव्वदीला आलेली, खुर्चीतूनच म्हणाली, "याचा बापही असाच होता. मेंढरं विकली की आधी रडायला बसायचा, म्हणजे कुणी मागू नये."

"आत्या, खरं सांगतोय मी."

"खरंच सांगतोयस रे. बस, जेव."

मी शपथ घेतली, पुलानेची घेतली. चुलत दीर म्हणाला, वहिनी, दोघांनी मिळून पाठ केलंय वाटतं. लेफा मात्र हसला नाही. त्यानं प्लेट उचलली, आणि त्याचा चेहरा इतका दुखावलेला होता की मला स्वतःचीच लाज वाटली.

"मामा, पैसे मागू नकोस असं सरळ सांगायचं. तुमच्याकडे मी एक पैसा मागितला नव्हता."

त्यानंतर दोन महिने तो आला नाही. नणंदेनं गावभर सांगितलं की घर फिटल्यापासून भावाचं मन कोतं झालंय. हे रोज पहाटे पाचला डबा घेऊन निघत होते, दोन शेअर-टॅक्स्या बदलून, टॅक्सीच्या पायरीवर आधी डावा पाय आणि मग हातानं उचलून उजवा. लोक बघत होते, आणि पैसेवाला माणूस हावरटपणानं नोकरी सोडत नाही म्हणत होते.

ऑक्टोबरच्या एका सोमवारी पहाटे फाटकाशी हॉर्न वाजला. पांढरी गाडी, खिडकीला अजून दुकानाचा कागद. लेफा खाली उतरला. राग गेलेला दिसत होता.

"मामा, झालं गेलं सोडा. माझं काम त्याच बाजूला आहे, चला, रोज सोडत जाईन." मग माझ्याकडे बघून म्हणाला, "बाँडमध्येच घातली, मामी. बँकेत आधी खळखळ करत होते. मी म्हटलं, माझ्या मामांनी असंच केलं, वीस वर्षांत घर फेडलं आणि वर बैल कापला. लगेच सही झाली."

हे फाटकात उभे होते, डबा हातात. त्यांनी रस्त्याकडे पाहिलं. टॅक्सीचा थांबा तिथून पंधरा मिनिटांवर होता, चढाचा.

लेफानं दार उघडून धरलं. हे बसले.