इयरबुकातली दीड ओळ

आठ दिवस रोदा काविएंग बंदरातल्या ग्रंथालयात गोऱ्यांच्या राज्यातली इयरबुकं चिवडत बसली होती. खोबरं किती टन गेलं, पाऊस किती इंच पडला, कोणता साहेब कधी रजेवर गेला, सगळं होतं. एका साहेबाच्या घोड्याला खोकला झाल्याचीसुद्धा नोंद होती. तिच्या माणसांबद्दल मात्र एकोणीसशे तेवीसच्या पुस्तकात दीड ओळ: ‘लावान बेट निर्मनुष्य. मालक कोण, हे शेजारच्या गावच्या मुखियालाही सांगता आले नाही.’

तेवढ्यावर एका मासळी कंपनीने बेट सरकारकडे मागितलं होतं, आणि वाद कोर्टात गेला होता. बिनमालकाचंच ना ते! रोदाच्या आज्या-पणज्या तिथे पुरल्यात, त्यांना कोण विचारतो?

रोज तिला आणायला जावई स्वतःची होडी घेऊन यायचा. तो मागे इंजिनवर, ती पुढे त्याच्याकडे पाठ करून, मध्ये मुलगी दोर्कास.

“सांगता आलं नाही म्हणे!” रोदा समुद्राकडे बघत करवादली. “मुखिया मालकाचा मेव्हणा होता. मेव्हण्याचं नाव कसा घेईल तो? लाजून मान हलवली बिचाऱ्याने, आणि या शहाण्याने छापून टाकलं!”

“मग उद्या कोर्टात हेच सांग ना, आई.”

“सांगेन. पण पुढे विचारलं, मालक कोण, तर?”

 तेव्हाच्या मालकाचं नाव, बेटाच्या मालकीसकट, त्याच्या पणतवंडांत फिरत फिरत आता इंजिनवर बसलेल्या माणसाकडे आलं होतं. आणि जावयाचं नाव सासूने घेणं म्हणजे भर बाजारात त्याची लुंगी फेडणं.

दुसऱ्या दिवशी न्यायाधीशांनी नेमकं तेच विचारलं.

“तुमचा रिवाज कळला, बाई. आता मालकाचं नाव सांगा.”

“लिहून देते, साहेब.”

कंपनीचा वकील उठला. “तोंडी साक्ष आहे. चिठ्ठ्या कसल्या?”

“मग माझी मुलगी सांगेल. तिला चालतं.”

“यादीत साक्षीदार तुम्ही आहात,” न्यायाधीश म्हणाले. “दुसऱ्याच्या तोंडून नाही चालणार.”

रोदाचा संताप संताप झाला. इथे बाकांवर अख्खं गाव बसलं होतं. त्यातल्या निम्म्यांनी ते नाव चहा पितापिता सांगितलं असतं. पण विचारायचं कुणाला, तर नेमकं जिला घेता येत नाही तिला! तिने मागे पाहिलं नाही. शेवटच्या बाकावर तो बसला होता, सुपारी-चुन्याची टोपली मांडीवर घेऊन.

“बाई, शेवटचं विचारतो.”

 न्यायाधीशांनी कारकुनाकडे पाहिलं. त्याने पेन उचललं आणि लिहायला घेतलं. कागद रोदाच्या समोरच होता. ‘साक्षीदाराला मालकाचे नाव सांगता...’

“थांब!” ती ओरडली, आणि तिने ते नाव घेतलं. स्पष्ट, मोठ्याने, बापाच्या आणि आईच्या नावासकट.

ते नाव इथे लिहीत नाही. ज्याचं आहे तो अजून तिचा जावई आहे.

मागे बाक करकरला. टोपली घेऊन कुणीतरी बाहेर गेलं. कारकुनाने आधीची ओळ खोडून नाव लिहिलं, त्याला दोन क्षण लागले.

दुपारी निकाल लागला. लावान बेटाला मालक होता आणि आहे. गावकरी रोदाला मिठ्या मारत होते, पण ती धक्क्याकडे धावली. होडी जागेवर होती. टाकी भरलेली, तिचं सामान ताडपत्रीखाली नीट ठेवलेलं. इंजिनवर दोर्कास एकटी.

“तो?”

“ट्रकने गेला, लांबच्या रस्त्याने. म्हणाला, आईंना होडीत अवघडल्यासारखं व्हायला नको.”

रोदा चढली आणि सवयीने पाठ करून बसली. पाठीमागे आता लाजायला कुणीच नव्हतं. रिवाजाप्रमाणे डुक्कर कापून लाज निस्तरता येईल, पण तो तिला पुन्हा न्यायला येईल का, हे तिला ठाऊक नव्हतं.

लावान डाव्या हाताला आलं तेव्हा ती एकदम तेवीस सालच्या साहेबावर ओरडली, “अरे मेल्या, शेजारी उभ्या असलेल्या दुसऱ्या कुणालाही विचारायचं होतंस!”