मागचं जंगल

"थांबव रे तुयं हरण!" कांताबाई रडता रडता ओरडल्या. "इथी माया नवरा मेला, अन् बाया हरण पाहून राह्यल्या!"

नवरा नाटकातला, वनरक्षक. बाया मात्र खऱ्या. धान कापून घरी जाताना विळ्यासकट तालीम बघायला मंडपात टेकलेल्या. त्यांनी ओशाळून तोंडाला पदर लावले, तरी एकीचं बोट मागच्या पडद्यावरच्या हरणाकडे होतंच. कांताबाईंच्या या रडण्यावर आमच्या झाडीपट्टीत गावंच्या गावं रडतात. त्या दिवशी माझ्या हरणापुढे त्यांचं काही चालेना.

मी राजदीप. आठ वर्षं हैदराबादला सिनेमांसाठी कॉम्प्युटरवर जंगलं, डोंगर, राजवाडे बनवतो. नायक हिरव्या कापडापुढे पळतो, त्याच्या मागचं रान माझं. तिथल्या साहेबांचा एकच घोष: आणखी पानं, आणखी धुकं, आणखी पाखरं. यंदा सुट्टीत ब्रह्मपुरीला आलो, तर नाटक मंडळीचे मालक मुखरूभाऊ म्हणाले, "एलईडी पडदा आणला बावा, एक जंगल करून दे." मी हौसेनं धबधबासुद्धा घातला.

अडचण एवढीच, की या मंडळीचे पडदे तीस वर्षं माझे बाबाच रंगवत आले. राग त्यांनी धरला नाही. "तुया पडद्याचा रंग पावसानं तरी उतरत नाई," असं हसून म्हणाले. पण माझ्या नोकरीला ते आजवर 'कॉम्प्युटरवरचा खेळ' म्हणत. त्यांनी एकदा तरी त्याला काम म्हणावं, यातच माझा जीव अडकला होता. आणि नेमकी इथेच मी माती खाल्ली.

"हरण काढ," तालमीला माझ्या शेजारीच बसलेले बाबा म्हणाले.

काढलं.

"धबधबा काढ."

"बाबा, चार दिवस लागले त्याले!"

"एवढं पाणी पडून राह्यलं, तर बाईचं रडनं कोनाले आयकू येईन?"

धबधबा गेला. मग पाखरं, धुकं, हलणारी पानं. उरलं मोहाचं एक झाड आणि मावळतीचा उजेड. एवढ्यासाठी का आठ वर्षं घालवली, असं वाटलं. मुखरूभाऊंनी तर कपाळाला हात लावला.

"आता बाई खाली बसली का उजेड कमी करजो. हळू," बाबा म्हणाले.

कांताबाई पुन्हा उभ्या राहिल्या. नवऱ्याची काठी छातीशी धरून खाली बसल्या, तसा मी उजेड उतरवत नेला. बाया हमसून रडू लागल्या. मुखरूभाऊंनी दुपट्ट्यानं नाक पुसलं. मलाही भरून आलं.

तालीम संपली. मला राहवेना. मघाशी बोट दाखवणाऱ्या बाईला विचारलं, "मावशी, झाड कसं वाटलं?"

डोळे पुसत ती म्हणाली, "कोनतं झाड, बापू?"

माझा चेहरा उतरला. बाबा मात्र ताडकन उठले.

"ओ मुखरूभाऊ," साऱ्या मंडपाला ऐकू जाईल अशा आवाजात ते म्हणाले, "याले काम येते!"