दोनदा चाललेलं रीळ

तिला सगळे कात्रीबाई म्हणत. चाळीस वर्षं तिने लोकांचे सिनेमे कापले-जोडले, भल्याभल्या दिग्दर्शकांची लाडकी दृश्यं डोळ्याची पापणी न लवता उडवली. एक चार मिनिटांचं रीळ मात्र तिच्याने कधी कापवलं नाही.

ते तिचं आणि दादाचं, दोघं विशीत असतानाचं. आधी गच्चीवर तिने दादाला टिपलं, वाळत घातलेल्या चादरींमधून डोकं काढून खदाखदा हसताना. पुढचा वेंधळेपणा दादाचा. वापरलेल्या रिळाच्या डबीवर फुली मारायची राहिली, आणि त्याच रिळावर त्याने आठवडाभर रात्रीचं आकाश घेतलं, मिनिटाला एक चित्र. धुऊन आलं तेव्हा दादाच्या अंगभर तारे होते. काय खूश झाले होते दोघं! तसे दिवस पुन्हा आले नाहीत.

ताऱ्यांमागे कोपऱ्यात काळं काहीतरी होतं, नखाएवढं. दुसऱ्यांदा लावलं तेव्हा ते बोटभर झालेलं. तिसऱ्यांदा तारे त्याला वाट देत बाजूला सरले, तेव्हा दादाने प्रोजेक्टरचा दिवाच विझवला.

"आपण बघतो म्हणून त्याला वाट सापडते," तो म्हणाला. "पुन्हा लावू नकोस."

पण दादा गेल्यावर ती त्याच्या दर वाढदिवसाला ते लावत राहिली. त्याचं हसू दुसरीकडे कुठे उरलंच नव्हतं. काळं कापावं तर ते आणि दादा एकाच चित्रात. गेल्या वर्षी दादाची मान मागे वळल्यासारखी वाटली, पण म्हाताऱ्या डोळ्यांचं काय खरं, म्हणून तिने सोडून दिलं.

आज दादाची लेक आली. बाप गेला तेव्हा ती पाळण्यात होती. "आत्या, एकदाच," एवढंच म्हणाली, आणि कात्रीबाईला नाही म्हणवेना. भरदुपारी पडदे ओढून तिने प्रोजेक्टर लावला.

चादरी हलल्या. काळं अर्ध्या पडद्यावर पसरलं होतं. दादा हसत नव्हता. या दोघींकडे पाठ करून, दोन्ही हात फाकवून तो उभा होता, लहानपणी वडील रागाने घरी आले की तिच्यापुढे दारात उभा राहायचा तसाच. हात थरथरत होते.

"बाबा कुणाला अडवतायत?"

तिने दिवा बंद केला. इतकी वर्षं आपल्या आठवणीपायी आपणच त्याला तिथे उभं केलं, या विचाराने तिला रडू आवरेना.

"दमलाय गं तो," ती म्हणाली. "आता नाही बघायचं त्याला."

मग रीळ डबीत ठेवून तिने झाकणावर तेव्हा राहिलेली फुली मारली.