डिमीटरचा चौथा दिवस

नागसेनचं बोट नोंदवहीवरून खाली खाली सरकत गेलं आणि तांबड्या शाईच्या एका रेघेवर थांबलं. त्यानं वही उचलून खिडकीच्या उजेडात धरली.

"हाय की. दोन हजार एकशे चार. डिमीटर. काव्य. देणगी, साल सत्त्याण्णव." मग त्याचा आवाज उतरला. "पण फुडं 'गहाळ' लिवलंय, पावणं."

टेबलापलीकडे बाळासोबुवा, कोल्हापूरचे कीर्तनकार, बसले होते. त्यांनी मांडीवरच्या पिशवीतून एक डायरी काढली आणि मधलं पान उघडलं. पुस्तक भेट दिलेल्या वाचनालयांची पानभर नावं होती, बारीक, तिरप्या अक्षरात. ते अक्षर त्यांच्या मुलीचं. नावांपुढे फुल्या होत्या, त्या मात्र बुवांच्या. गडमुडशिंगीपुढे फुली. कागलपुढे फुली. कोल्हापुरातल्या चार नावांपुढे चार. शेवटचं नाव कोडोली. त्यांनी पेनाचं टोपण काढलं, पण हात पुढे जाईना.

"एकदा कपाटात बघता का?"

"काव्याचं कपाट हितनं हितपतूर. गेल्या साली मीच पुसून लावलंय सगळं. तवा हे नव्हतंच. म्हणून तर गहाळ."

"तरी बघा की."

नागसेन उठला. त्यानं दोन्ही कप्पे रिकामे करून पुन्हा लावले, मागच्या बाजूला हात घालून चाचपलं, आणि शर्टाला हात पुसत परत आला. कोडोलीच्या या वाचनालयात तो ग्रंथपाल होऊन चार वर्षं झाली होती. कुणी एवढ्या आशेनं पुस्तक मागितल्याचं त्याला आठवत नव्हतं.

"छापणाऱ्याकडं चौकशी केली न्हाय?"

"छापखाना बंद पडला. मालक वारले."

"आणि घरात एकबी प्रत न्हाय?"

बुवांनी टोपण पुन्हा पेनाला लावलं. "होत्या. खोकाभर होत्या."

खोका खाटेखाली होता. प्रियदर्शनीनं तो रिक्षातून आणला तेव्हा ती कोडोलीच्याच कॉलेजात तात्पुरत्या जागेवर शिकवत होती. पहिली प्रत तिनं वडिलांच्याच हातात दिली, तीही शुक्रवार पेठेतल्या देवळात, कीर्तन संपल्यावर, बुवांच्या गळ्यात हार तसाच असताना. बुवांनी वरचं नाव दोनदा वाचलं, ते कुणाचं ते तिच्याकडून ऐकलं आणि भरल्या देवळात विचारलं, "आपल्यातल्या देव्या संपल्या काय गं?" मंडळी हसली. तीही हसली. नंतर त्या पुस्तकाबद्दल ती घरात कधी बोलली नाही, आणि बुवांनी ते कधी उघडलं नाही. दोन हजार चारच्या उन्हाळ्यात ती आठ दिवसांच्या तापात गेली. पुढच्या वर्षी पावसाळ्यात पंचगंगा घरात शिरली, तेव्हा बुवांनी आधी आपल्या आख्यानांच्या वह्या डोक्यावर घेतल्या आणि शेजाऱ्यांच्या माडीवर चढवल्या. जिन्यात बायकोनं, शालूबाईनं, विचारलं होतं, "खोका?" ते म्हणाले होते, "आणतो." पाणी ओसरलं तेव्हा खाटेखाली नुसता लगदा होता. वह्यांच्या मात्र एकाही पानाला थेंब लागला नव्हता.

"तिच्या आईला ऐकायचंय," बुवा म्हणाले. "वाचता येत न्हाई तिला. लेक म्हणायची, आई, निवांत वाचून दाखवीन. त्यो निवांतपणा काय आला न्हाई. आता वीस दिवस झालं, बाई अन्नाला शिवंना. चमचाभर पेज, तीबी मी रडलो तर. डॉक्टर म्हणतात, औषधाचं काम न्हाई हे. ती म्हणती, पोरीनं काय लिवलंय ते एकदा कानावर घाला, मग काय ते खाती." ते थांबले. "हे शेवटचं नाव हाय हो."

नागसेननं तांब्यातलं पाणी पुढे केलं. काहीतरी बोलायला हवं म्हणून विचारलं, "डिमीटर म्हंजे काय पण? थर्मामीटरातला प्रकार वाटला मला."

"ग्रीकांची देवी हाय म्हणे. धान्याची."

"देवी?"

नागसेन उभाच राहिला. त्याची नजर बुवांच्या डोक्यावरून मागच्या कोपऱ्यात गेली. तिथं काचेचं एक जुनं कपाट होतं. वर पांढऱ्या रंगात लिहिलेलं, 'धार्मिक'. खाली, 'हात धुऊन घ्यावे'.

"माझ्या आधी केरबा म्हणून होते हितं. लई देवभोळा माणूस. मी आलो तवा ह्या कपाटात मला काय गावलं सांगू? ॲटलास. शाळंच्या पोरांचा नकाशांचा ॲटलास, ज्ञानेश्वरीच्या मांडीला मांडी लावून. आत चिठ्ठी, 'आभाळ खांद्यावर धरणारा ग्रीक देव. माहिती : मॅडम.' मी हसून हसून बेजार. पण राहू दिला. म्हातारा रोज उदबत्ती लावायचा त्याला." बोलता बोलता त्यानं कुलूप काढलं. "मॅडम म्हंजे..."

बुवा पिशवीसकट उठून त्याच्यामागे येऊन उभे राहिले होते.

ॲटलास होता. त्याच्या शेजारी दोन बोटं रुंदीची फट होती.

"हितं एक बारकी पोथी असती," नागसेन हळूच म्हणाला. "लाल फडक्यातली. दर श्रावणात बायका शेजारच्या देवळात वाचायला नेत्यात, नऊ दिवसांनी आणून ठेवत्यात. त्यांची ती पोथी म्हणून मी कधी फडकं सोडून बघितलंच न्हाय, बुवा."

मारुतीचं देऊळ वाचनालयाच्या भिंतीला लागूनच होतं. बुवा चपला विसरून, अनवाणीच गेले. सभामंडपात दहा-बारा बायका भिंतीला टेकून बसल्या होत्या. मध्ये चौरंग, चौरंगावर लाल फडकं, फडक्यावर एक पातळ पुस्तक. मुखपृष्ठाचे कोपरे हळदीनं पिवळे झालेले. दोऱ्यानं कानाला बांधलेला चष्मा सावरत सत्तरीची एक बाई ओळीवर बोट ठेवून मोठ्यानं वाचत होती.

"चौथ्या दिवशी ती विहिरीपाशी बसली. कुणी पाणी दिलं, तिनं घेतलं न्हाई. कुणी भाकरी दिली, तिनं घेतली न्हाई. ती म्हणाली, बायांनो, आधी सांगा, माझी..."

बाई थांबली. सगळ्याजणी थांबल्या. मग एका सुरात म्हणाल्या,

"लेक बघितली का?"

बुवांनी खांबाला हात लावला. ती थांबण्याची जागा त्यांची होती. चाळीस वर्षं आख्यानात ते तसेच थांबत आले होते. मुख्य शब्दाच्या अलीकडे, श्रोत्यांनी तो आपल्या तोंडानं म्हणावा म्हणून. पेटीवाल्याच्या मांडीशी बसून पेंगणारी एक परकरी पोरगी ते कधी शिकली, त्यांना कळलं नव्हतं.

अध्याय संपला. बायकांनी हात जोडले. चष्म्याची बाई, बायडाबाई, फडक्याची टोकं पुस्तकावर दुमडू लागली तेव्हा नागसेन पुढे झाला.

"मावशी, ही पोथी जिनं लिवली तिचं वडील हायत हे. कोल्हापूरचं."

बायडाबाईंनी चष्म्याच्या वरून बघितलं. "आगा बया. आणि तिला का आणली न्हाई संगं? नऊ वर्षं वाचतोय आमी. साक्षरतेच्या वर्गात अक्षरं शिकली, आणि केरबानं पहिली हीच हातात दिली. म्हणला, देवीची हाय, सोपी हाय."

बुवांनी नुसती मान हलवली. बायडाबाई त्यांच्याकडे बघत राहिल्या, मग त्यांनी पदर डोक्यावर पुढे ओढला. कुणीतरी चटई सरकवली. बुवा बसले, आणि एवढंच म्हणाले,

"तिच्या आईला ऐकवायची हाय. ती जेवत न्हाई."

बायडाबाईंचा हात फडक्यावरच राहिला.

"चौथा दिवस हाय आज," त्या म्हणाल्या. "नवव्या दिवशी समाप्ती. त्या दिवशी मी स्वतः घिऊन येते तुमच्या दारात. पण मांडलेली पोथी मधीच कशी उठवू, बुवा? तुमी कीर्तनकार दिसताय. तुमाला म्या काय सांगावं."

"अजून पाच दिवस..." बुवा म्हणाले.

नागसेननं त्यांना खांबाआड घेतलं.

"ऐका माझं. कोपऱ्यावर झेरॉक्स हाय. आत्ता लाइट हाय, तासाभरात जाईल. धा मिनिटांत पानं काढून आणतो आणि हुती तशी ठेवतो. उचलतो मी. आमच्यात ह्याचं काय सोयरसुतक न्हाय, मला कसलं पाप लागतंय? आणि मावशी मला वरडतील फार तर. तुमी फकस्त तोंड तिकडं फिरवा."

बुवांनी चौरंगाकडे बघितलं. सहा पावलांवर होता. चौसष्ट पानांचं पुस्तक. घरी भिंतीकडे तोंड करून पडलेली शालूबाई, तिच्या उशाशी झाकून ठेवलेली पेजेची वाटी, त्यावर धरलेली साय. त्यांनी नागसेनचा दंड घट्ट धरला. जा, असंच म्हणायला धरला होता. कितीतरी गावांच्या देवळांत त्यांनी बजावलं होतं, मांडलेली पोथी उठवणं म्हणजे जेवत्याच्या पुढचं ताट ओढणं. पण पोथी म्हणजे पोथी. हे तर एका पोरीनं छापून आणलेलं पुस्तक. परक्या देवीचं नाव असलेलं. हेच तर ते भरल्या देवळात म्हणाले होते.

नागसेन वाट बघत होता.

"नको," बुवा म्हणाले.

"बुवा, अवो मावशींचं काय, तिकडं बाई उपाशी—"

"पोथी हाय ती."

दंडावरची बोटं सुटली. नागसेननं शर्टाची बाही सारखी केली. गाभाऱ्यातली समई कुणीतरी सारखी करत होतं.

बुवा परत येऊन चौरंगासमोर बसले. त्यांनी पिशवीत हात घातला आणि एक जाडजूड वही काढली. मारुतीच्या देवळापेक्षा जुनी वाटावी अशी, कापडी पुठ्ठ्याची, कोरडी ठणठणीत. पहिल्या पानापासून त्यांच्या आख्यानांनी भरलेली. त्यांनी ती उलटी केली आणि मागच्या बाजूनं पहिलं कोरं पान उघडलं. वर मधोमध 'श्री' काढला. त्याच्याखाली लिहिलं, डिमीटर. त्याच्याखाली पेन बराच वेळ टेकून राहिलं. मग सावकाश अक्षरं उमटली, प्रियदर्शनी बाळासो.

"आजचा अध्याय परत एकदा सांगता का?" ते म्हणाले. "पोथी हलवू नका. लांबनंच सांगा. रोज येईन मी. जेवढं हुईल तेवढं सांजचं तिला ऐकवीन."

"चौथ्यापास्नं कशाला?" बायडाबाई म्हणाल्या. "तिला काय कळंल मधनंच?"

"पहिले तीन तर वाचून झालं की तुमचं."

बायडाबाईंनी बाकीच्यांकडे बघितलं. निम्म्याजणी घरी जायला उठल्या होत्या, त्या परत खाली बसल्या. बायडाबाईंनी चष्मा काढून मांडीवर ठेवला आणि फडक्यात झाकलेल्या पुस्तकाकडे न बघता डोळे मिटले.

"आमच्या तोंडात हाय सगळी. तुमी लिवा. 'पहिल्या दिवशी तिनं भर उन्हात दिवा पेटवला.'"

"'शेजारणी म्हणाल्या, अगं, उजेड तर हाय,'" भिंतीकडची दुसरी म्हणाली.

"'ती म्हणाली, मला न्हाई दिसत,'" तिसरी म्हणाली.

बुवा लिहीत होते. ओळ संपली की मान वर न करता डावा हात किंचित उचलत होते, जसा ते टाळकऱ्यांसाठी उचलत. बायका त्या हाताबरोबर थांबत होत्या आणि त्याबरोबर पुढे जात होत्या.

रस्त्यावर एसटीचा हॉर्न दोनदा वाजला. नागसेन दारातून डोकावला. त्याच्या हातात बुवांच्या चपला होत्या.

"बुवा, गाडी आली. ह्याच्या मागची पाचला हाय."

बुवांचा डावा हात वर झाला.

"पुढं?" ते म्हणाले.