गेदल्याचा मुलगा

"पाव पौंड जास्त," काट्यापाशी बसलेला कारकून म्हणाला आणि चष्म्यावरून झेलिगकडे बघत राहिला.

झेलिग खोगीर मांडीवर घेऊन काट्याच्या खुर्चीत बसला होता. तीन दिवसांत त्याच्या पोटात काळी कॉफी आणि लिंबाच्या दोन फोडी, एवढंच काय ते गेलं होतं. पहाटे अंगावर तीन लोकरी बनियनं चढवून तो समुद्राच्या कडेनं सहा मैल पळून आला होता. एकोणीस वर्षांचं अंग ते, वाढणारच. पण जॉकीच्या अंगाला वाढायची परवानगी नसते.

"आता काय काढायचं राहिलंय रे परची? कातडी?" मॅगिनिसनं विचारलं. मॅगिनिस त्याचा ट्रेनर, आयरिश, तोंडाचा फटकळ. झेलिग परचिकचा त्यानं पहिल्याच दिवशी 'परची' करून टाकला होता.

झेलिगनं रेशमी सदरा डोक्यावरून काढला. आत घामानं चिंब झालेली पांढरी लोकरी बंडी होती. तिच्या चारी कोपऱ्यांना दोऱ्यांचे गाठी मारलेले झुबके लोंबत होते, देवाच्या आज्ञांची आठवण म्हणून ज्यू पुरुष अंगावर वागवतात ते. त्या गाठी त्याच्या बापाच्या हातच्या. गेदल्या परचिकचा धंदाच तो. ब्राउन्सव्हिलच्या ज्यू मोहल्ल्यातल्या दोन खोल्यांत खिडकीशी बसायचं आणि लोकांच्या बंड्यांना, प्रार्थनेच्या शालींना दोरे गाठत राहायचं, ओठांत देवाचं नाव घेत. पोरगा शनिवारी, सगळी कामं बंद ठेवून पाळायच्या दिवशी, शर्यतीत धावतो हे अख्ख्या मोहल्ल्याला ठाऊक होतं. गेदल्या त्यावर कधी बोलला नाही. एकदाच म्हणाला होता, "बाकीचं तू आणि देव बघून घ्या. एवढं मात्र अंगावर ठेव."

"हे काय घातलंयस? आजीचा टेबलक्लॉथ?" मॅगिनिस म्हणाला. खोलीतले सगळे खो खो हसले.

खरं तर अजून काहीच बिघडलं नव्हतं. बंडी काढायची, खिळ्याला अडकवायची, शर्यत झाली की पुन्हा घालायची. बापाला विचारलं असतं तर त्यानंही हेच सांगितलं असतं. पण चार माणसं हसायला लागली की माणसाला पाचवं व्हावंसं वाटतं. झेलिगही हसला.

"म्हाताऱ्याचं खूळ!" तो म्हणाला आणि बंडीचा बोळा करून त्यानं दाराशी उभ्या असलेल्या मोतद्दाराकडे भिरकावला. "घे रे अमोस, घोडी पुसायला होईल."

अमोस केंटकीहून आलेला, साठी उलटलेला माणूस. त्यानं बोळा झेलला आणि उलगडून पाहिला.

"बरोबर," कारकून म्हणाला.

झेलिग शर्यत जिंकला. घोडीला त्यानं शेवटच्या वळणापर्यंत कुंपणाला धरून गुपचूप ठेवलं आणि मग असं सोडलं की पुढचे दोघे मागे वळून बघायच्या आत मागे पडले होते. मोसमातली ही त्याची दोनशेवी जीत. त्या वर्षी अमेरिकेत एवढ्या कुणाच्याच नव्हत्या. लोकांनी टोप्या उडवल्या. त्यात ब्राउन्सव्हिलच्या टोप्या पुष्कळ होत्या, कारण वार शनिवार नव्हता आणि सिनेगॉगचा अध्यक्ष, खाटीक लाझर कुपरश्टाइन, आपल्या मांसाच्या गाडीत घालून निम्मा मोहल्ला घेऊन आला होता.

आणि ज्यानं जन्मात शर्यतीचं मैदान पाहिलं नव्हतं त्या गेदल्यालाही त्यानं ओढून आणलं होतं.

दोघं थेट तबेल्यात आले. गेदल्यानं सणावारी घालायची हॅट घातली होती. घोड्यांपासून चार हात दूर राहून तो घोडीकडे बघत होता.

"एवढ्या उंच बसतोस तू?" तो म्हणाला. "पडलास म्हणजे?"

"पडायला वेळ कुठं असतो बाबा!"

गेदल्या हसला. त्याच्या हसण्यात अभिमान होता आणि तो लपवायची लाजही होती. झेलिगला ते हसू पाहून बरं वाटलं. गेदल्यानं धीर करून घोडीच्या मानेला एक बोट लावलं. मग त्याची नजर खाली गेली.

अमोस उकिडवा बसून घोडीचे पाय पुसत होता. त्याच्या हातातल्या फडक्याचे झुबके चिखलातून फरफटत होते.

गेदल्या वाकला. एक झुबका हातात घेऊन त्यानं अंगठ्यानं चिखल बाजूला केला, गाठी दिसेपर्यंत.

"हे इथं कसं आलं?"

"मला काय ठाऊक!" झेलिग म्हणाला. "मी खिळ्याला लावून गेलो होतो. या अमोसला किती वेळा सांगितलं, दिसेल ते उचलत जाऊ नकोस म्हणून. अक्कल म्हणून नाही!"

शब्द तोंडातून गेले ते गेले. अमोस गुडघ्यावर हात ठेवून सावकाश उठला. त्यानं आधी पोराकडं पाहिलं, मग बापाकडं पाहिलं.

"माझीच चूक बाबा," तो गेदल्याला म्हणाला. "माफ करा. म्हाताऱ्या डोळ्यांना फडकं वाटलं."

"तुमची नाही हो," गेदल्या हळूच म्हणाला. "तुमची नाही."

त्यानं त्या ओल्या घाण बंडीची घडी घातली आणि कोटाच्या आत, धुवट शर्टाशी धरली. कुपरश्टाइनला यातलं काही कळलं नाही. झेलिग पाळण्यात असताना आपण त्याला कसं खेळवलं होतं ते तो मॅगिनिसला रंगवून सांगत होता. झेलिगला वाटलं, धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं. पण तबेल्याची जमीन फरसबंदी होती आणि लोक त्याची पाठ थोपटायला रांग लावून उभे होते.

दुसऱ्या दिवशी अमोसनं त्याला घोडीवर चढवलं ते नेहमीसारखंच, एका हातानं बूट धरून. वर त्यानं 'सांभाळून' असंही म्हटलं. शिव्या दिल्या असत्या तर झेलिगला सोपं गेलं असतं. माफी मागायला त्यानं दोनदा तोंड उघडलं आणि दोन्ही वेळा घोडीविषयीच काहीतरी विचारलं.

घरी तर त्याहून कठीण होतं. गेदल्यानं बंडी स्वतः धुतली, दोरे कापून काढले आणि प्रार्थनेच्या पुस्तकात ठेवले, कारण ते कचऱ्यात टाकायचे नसतात. नवी बंडी मात्र त्यानं गाठली नाही. तो अबोला धरून बसला असता तरी समजलं असतं. पण तो बोलत होता. "दार लाव." "सूप निवतंय." "उद्या गार वारं आहे म्हणतात." परक्या माणसाशी बोलावं तसं, नीट आणि सभ्यपणे. झेलिगला हेच सोसवत नव्हतं. बापानं एकदा आपल्याकडे मुलगा म्हणून बघावं, एवढंच त्याला हवं होतं, आणि त्यासाठी आधी काय बोलावं लागेल तेही त्याला पुरतं ठाऊक होतं. दोनशे शर्यती मारणाऱ्याला खिडकीपर्यंतची पाच पावलं जमत नव्हती.

"घोडी तीन वेळा खाते आणि माझा पोरगा उपाशी!" आई, फेगा, भांडी आपटत म्हणायची. "तिची आई असती तर तिनं ठेवलं असतं का पोरीला असं उपाशी?"

अशात कुपरश्टाइननं निरोप धाडला. सोमवारी सकाळच्या प्रार्थनेत धर्मग्रंथ वाचतात, तेव्हा मोहल्ल्याच्या चँपियनला ग्रंथापाशी बोलावण्याचा मान द्यायचं ठरलंय.

"मला नको तो मान," झेलिग म्हणाला.

"नको? लोक तोंडात शेण घालतील!" फेगा म्हणाली. "विचार तुझ्या बापाला."

गेदल्यानं दोऱ्यावरून डोळे काढले नाहीत. "बोलावलं की जायचं असतं," तो म्हणाला.

सोमवारी सिनेगॉग भरून गेलं. एरवी प्रार्थनेला लागणारी दहा माणसं जमवताना नाकी नऊ येत, आणि आज बाकांवर बसायला जागा नव्हती. झेलिग शेवटच्या रांगेत, हाताला प्रार्थनेच्या वेळी बांधायच्या काळ्या चामडी पट्ट्या कशाबशा गुंडाळून उभा होता. सवय मोडलेली, त्या सारख्या सैल होत होत्या. बाप पुढं कुठंतरी शालींच्या गर्दीत होता.

"उठावं!" पुकारा झाला. "झेलिग, गेदल्याचा मुलगा!"

ग्रंथापाशी माणसाला असंच हाकारतात, बापाच्या नावासकट. दोनशे वेळा झेलिगचं नाव कर्ण्यातून पुकारलं होतं, पण त्यात गेदल्याचं नाव कधी नव्हतं.

तो पुढं निघाला. लग्न न झालेल्याच्या खांद्यावर शाल नसते. ग्रंथापाशी जाताना कुणाची तरी मागून घ्यावी लागते. कुपरश्टाइन त्यासाठी टपूनच बसला होता. आपली चांदीच्या पट्टीची भारी शाल तो उतरवायला लागला. पण तेवढ्यात गेदल्या रांगेतून बाहेर आला. त्यानं आपल्या खांद्यावरची शाल काढली, झटकली आणि मुलाच्या पाठीवर घातली. ती अंगाच्या उबेनं अजून गरम होती.

झेलिग जागच्या जागी थांबला.

"बाबा," तो कुजबुजला. "मीच दिली होती. अमोसनं नाही उचलली."

"ठाऊक आहे," गेदल्या म्हणाला आणि त्यानं शालीचं टोक ओढून नीट केलं. "खांदा सरळ धर. घसरेल."

झेलिग चौथऱ्यावर चढला. वाचणाऱ्यानं चांदीच्या काडीनं शब्द दाखवला. शालीच्या कोपऱ्यातला झुबका हातात घेऊन त्या शब्दाला लावायचा आणि ओठांना लावायचा, हे तो लहानपणी शिकला होता. त्यानं तो लावला. त्याच्या ओठांना गाठी लागल्या, एकीखाली एक, पाच. त्यानं मंत्राला सुरुवात केली आणि अर्ध्यावर त्याचा आवाज तुटला तो जुळेचना. माना खाली घालून लोक थांबले.

"बघा!" कुपरश्टाइन डोळे पुसत शेजाऱ्याला म्हणाला. "एवढा मोठा झाला, पण देवापुढं आवाज फुटत नाही पोराचा. याला म्हणतात संस्कार!"

झेलिगनं ते ऐकलं आणि मान फिरवली. एवढ्या पांढऱ्या शालींत गेदल्या एकटाच जुन्या कोटावर उभा होता. पट्ट्यांसाठी उतरवलेली कोटाची एक बाही रिकामी लोंबत होती आणि उघड्या हडकुळ्या हातावर काळ्या पट्ट्या घट्ट बसल्या होत्या. त्याचे डोळे मिटलेले होते आणि ओठ हलत होते. मुलाच्या तोंडून सुटलेले शब्द तो एकेक करून पुरे करत होता.