हुंकार

कुरामोचीचे दुसऱ्या महायुद्धावरचे तीन माहितीपट झाले होते, आणि तिन्हींत सगळ्यात जास्त आवाज त्याचाच होता. म्हातारे आठवणी सांगायचे आणि हा कॅमेऱ्यामागून "हं… हो… हो का!" करत राहायचा. ऐकणाऱ्याने हुंकार भरला नाही तर जपानमध्ये तो उद्धटपणा ठरतो, हे खरं; पण याचा उत्साह चार माणसांना पुरून उरणारा. आपण इतिहास नोंदवत नाही, त्याच्यामागे टाळ कुटतो, हे त्याला स्वतःलाही कळायचं. संकलन बायको तामाएच करायची. "पोस्टरवर तुझाच फोटो टाकू या," ती म्हणायची. "म्हातारे काय, उगाच मधेमधे येतात."

या वेळी मात्र चूक परवडणार नव्हती. दक्षिणेतल्या एका बेटावर लष्करी इस्पितळात काम केलेले मुरोफुशी आजोबा अठ्ठ्याण्णव वर्षांचे होते आणि युद्ध संपल्यापासून त्याबद्दल गप्प होते. "एकदाच सांगेन," त्यांनी बजावलं होतं. "पुन्हा आलात तर दार उघडणार नाही."

कुरामोचीचा स्वतःच्या जिभेवर काडीचाही भरवसा नव्हता. कॅमेरा सुरू करण्याआधी त्याने दोन्ही गालांत एकेक खारवलेला, आंबटढाण आलुबुखार कोंबला. डोळ्यांत पाणी आलं. आजोबांना ते सहानुभूतीचं वाटेल, असा हिशेबही त्याने लगेच करून टाकला.

"माघारीचा हुकूम आला…" आजोबा म्हणाले आणि थांबले. वाट पाहिली. "झोपलात का?"

कुरामोचीने नकारार्थी मान हलवली.

"मग रागावलात?"

मान आणखी जोरात हलली.

"ऐकायचं नसेल तर राहू द्या. चहा घ्या आणि निघा." आजोबा चटईवर हात टेकून उठू लागले.

कुरामोची गुडघ्यांवर पुढे सरकला. जन्मभर नको तिथे बडबडला, आणि आज गप्प बसून घात करत होता! त्याने दोन्ही आलुबुखार तळहातावर थुंकले. "हं! हं, आजोबा! हुकूम आला. मग?"

आजोबा पुन्हा बसले.

"चालता न येणारे पुष्कळ होते."

"हं."

"मोठ्या डॉक्टरांनी माझ्या हातात सुया दिल्या. म्हणाले, सगळ्यांना टोच. मागे कोणी जिवंत उरता कामा नये."

"हं…"

"मी 'हो' म्हणालो. विचार केलाच नाही. वरचा बोलला की तोंडातून आपोआप निघायचं."

"हो," कुरामोची म्हणाला.

आजोबांनी त्याच्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता, म्हणून ती त्याला जास्तच लागली.

"बघा," आजोबा म्हणाले. "अगदी असंच."

घरी तामाएने ती जागा पुन्हा पुन्हा ऐकली. आजोबांचा 'हो', आणि पाठोपाठ नवऱ्याचा. आज तिला थट्टा सुचली नाही.

"तुझा कापते. कापू ना?"

'हो' कुरामोचीच्या जिभेवर आलाच होता. त्याने ओठ घट्ट मिटले. आलुबुखाराशिवाय ते फार जड गेलं.

"नको," तो म्हणाला.

लग्न झाल्यापासून त्याच्या तोंडून तामाएने हा शब्द पहिल्यांदाच ऐकला.