चोपन्न पॉइंट पाच

"कंबरदुखी! चार वेळा गेला माणूस, आणि चारही वेळा त्या गाढव डॉक्टरने काय लिहिलं? कंबरदुखी!" तोफेने कागद ताईच्या मांडीवर आपटले. "वाच! तुझंच काम ना हे? सहा वर्षं हेच करतेस ना?"

"हळू बोल. आत बाबा झोपलेत."

"झोपलेत कसले, पडलेत! आणि मी का हळू बोलू? ज्याने त्यांचे पाय घालवले त्याला ऐकू जाऊ दे की!"

तोफ म्हणजे ताईचा धाकटा भाऊ. नाव बाबांनीच ठेवलेलं, कारण हा आधी उडायचा आणि मग बघायचा समोर कोण आहे ते. सामान पोचवायची गाडी चालवायचा. आजही गाडी तशीच भरलेली, हॉस्पिटलच्या फाटकात आडवी लावून वर आला होता.

काल सकाळी बाबा अंथरुणातून उठायला गेले आणि पाय काही बरोबर आले नाहीत. दुपारी ऑपरेशन झालं. मणक्यांमधली गादी सरकून खालच्या नसांचा सगळा जुडगा चेपला होता. "दोन दिवस आधी आणायला हवं होतं," सर्जन म्हणाले. "आता पाय परत येतील असं मी सांगू शकत नाही." आणि पुढच्या पेशंटकडे गेले.

ताई याच हॉस्पिटलच्या तळघरात कामाला होती. खिडकी नसलेली खोली, सात कॉम्प्युटर, एक कुरकुरणारा पंखा. डॉक्टरांनी वर जे लिहिलं ते खाली येणार, आणि ताईने त्या दुखण्याला त्याचा आकडा द्यायचा. जगात जेवढी दुखणी तेवढे आकडे. पुढच्या तपासण्या, रजा, कामावर परत घ्यायचं की नाही, सगळं त्या आकड्यावर चालायचं. नियम एकच. डॉक्टरने लिहिलं ते झालं, नाही लिहिलं ते झालंच नाही. आपलं डोकं चालवायचं नाही.

नुसती कंबर दुखतेय? एम चोपन्न पॉइंट पाच. कंबरेतून कळ पायात उतरतेय? पॉइंट चार. फरक फक्त एका आकड्याचा. पण पाचवाला तीन दिवस आराम करून परत ओझी उचलायला मोकळा. चारवाल्याचा कागद थेट त्याच्या कामावरच्या साहेबाकडे, आणि ओझं कायमचं बंद.

बाबा गोदामात ओझी उचलायचे. तीस वर्षं. कपाटं, फ्रीज, लोखंडी तिजोऱ्या. जिन्यात अडकलेलं कपाट कुणाला हलेना की हाक यायची, "म्हाताऱ्याला बोलवा!" मग म्हातारा मिशीला हात लावत, सावकाश, मुद्दाम सावकाश जायचा.

दोन महिन्यांपूर्वी त्यांच्या डाव्या पायात मुंग्या यायला लागल्या. ताईला त्यांनी एकटीलाच सांगितलं.

"गेटवर खुर्ची टाकून बसवतील गं मला, चिमणे. येणाऱ्या-जाणाऱ्याला सलाम ठोकायला. त्यापेक्षा मेलेलं बरं."

आणि ताई म्हणाली, "मग पाय सांगू नका. फक्त कंबर सांगा. कंबर म्हटलं की पाच. पुढचं मी सांगते तसं करा."

स्वयंपाकघरातल्या टेबलाशी दोघं समोरासमोर बसले. ताई झाली डॉक्टर. वरच्या डॉक्टरांचा प्रत्येक प्रश्न तिला पाठ होता, रोज शंभर कागद वाचायची ती.

"कळ पायात उतरते का?"

"नाही, डॉक्टर."

"मुंग्या येतात?"

"आमच्या घरी मुंग्या फक्त साखरेच्या डब्यात येतात."

"बाबा! नुसतं नाही म्हणायचं."

"बरं. नाही."

"लघवीला त्रास?"

"ए, हे पण विचारतात?"

"सगळ्यांना विचारतात. नाही म्हणायचं."

"नाही."

शहाण्या मुलासारखे शिकले ते. आपल्या माणसाचा कागद आपण हाताळायचा नाही असा खोलीतला नियम, म्हणून बाबांचा कागद शेजारच्या टेबलावरच्या मावशींकडे जायचा. चारही वेळा मावशींनी मान वळवून सांगितलं, "पाचच गं तुझ्या बाबांचा. काळजी सोड." चारही वेळा ताईला हायसं वाटलं.

आता तेच चार कागद तिच्या मांडीवर होते. तोफेने फक्त खालची ओळ वाचली होती. ताईला वरच्या ओळी वाचायची सवय. पायात कळ, नाही. बधिरपणा, नाही. लघवीचा त्रास, नाही. चौथा कागद परवाचा होता. त्यावर डॉक्टरने लघवीच्या प्रश्नाखाली दोनदा रेघ मारली होती. नसा चेपल्याचा संशय आला असणार त्याला. पुन्हा खोदून विचारलं असणार. पुढे लिहिलं होतं, पेशंट ठामपणे नाही म्हणतो.

काल भरती करताना नर्सने विचारलं तेव्हा बाबा पहिल्यांदा खरं बोलले. चार दिवस लघवी नीट होत नव्हती. हे त्यांनी ताईलासुद्धा सांगितलं नव्हतं. तिनेच शिकवलं होतं ना, नाही म्हणायचं.

"मी चाललो," तोफ उठला. "पहिल्या मजल्यावर बसतो ना तो? आज त्याची खुर्ची त्याच्या डोक्यात..."

"थांब."

"सोड हात."

"डॉक्टरने विचारलं होतं."

"काय?"

"सगळं विचारलं होतं त्याने. बाबा खोटं बोलले. मी शिकवलं होतं." ताईने कागदांची घडी घातली. "दोन महिन्यांपासून पायात मुंग्या होत्या. मला माहीत होतं. पायाचं बोलू नका, मीच म्हटलं."

तोफ उडेल म्हणून तिने डोळे मिटून घेतले. एक थोबाडीत बसली असती तर बरंच वाटलं असतं तिला.  पण डोळे उघडले तर तो भिंतीला पाठ लावून, तोंड उघडं टाकून तिच्याकडे बघत होता. लहानपणी जत्रेत हरवला होता तेव्हा सापडल्यावर असाच दिसला होता.

"चिमणे!" आतून हाक आली.

दोघंही आत गेले. बाबांचे ओठ सुकले होते. चादरीखाली पाय एकदम सरळ, कुणीतरी आणून ठेवल्यासारखे.

"डॉक्टरीणबाई आल्या," बाबा हसले. "आणि तोफ का थंड आज? बारूद भिजली वाटतं." मग ताईचा हात ओढून जवळ घेतला आणि खालच्या आवाजात म्हणाले, "पण मी बरोबर बोललो ना गं? चारही वेळा. तू सांगितलंस तसंच. एक शब्द इकडचा तिकडे नाही केला. कालच जरा चुकलो, नर्सपुढे. त्याने काही बिघडणार नाही ना?"

ताईने मान हलवली. नाही.

"मग झालं. आठ दिवसांत कामावर."

तोफेने चादरीवरून बाबांच्या पावलावर हात ठेवला. जरा दाबला. बाबा ताईकडेच बघत होते. त्यांना कळलंच नाही.

तोफेने हात उचलला, खिशात किल्ली चाचपली, ताईकडे न बघता म्हणाला, "गाडी फाटकात आहे. मला निघायला हवं आता."